न उघडणारी फाईल

दादा,

तुझ्या तेराव्याला देवगाव रंगारीत मांडवाखाली एका काकांनी मला विचारलं, "नीलू, आपला सुधाकर नेमकं करायचा काय गं? तू तर त्याच्याच हापिसात होतीस." मी तोंड उघडायच्या आत शेजारच्यानं परस्पर उत्तर देऊन टाकलं, "कॉम्प्युटर रिपेर करायचा. क्रांती चौकात दुकान हाय त्याचं." माझं डोकं सणकलं. पण तेराव्याच्या पंगतीत वाद नको म्हणून मी पानातला लाडू मोडत बसले. तू असतास तर म्हणाला असतास, "रिपेर म्हणाले का? लई चांगलं. काहीच करत नव्हता असं तर नाय ना म्हणाले."

तुझ्या या स्वभावाचा मला कायम राग यायचा. आपण काय करतो हे लोकांना कळावं असं तुला कधी वाटलंच नाही. मला वाटायचं, अजून वाटतं. तू माझा आतेभाऊ, माझ्याहून पुष्कळ मोठा. मी इंजिनीअरिंग संपवून घरी बसले होते तेव्हा आत्याच्या सांगण्यावरून तू मला हापिसात घेतलंस आणि पहिल्याच दिवशी बजावलंस, "हितं नातं चालायचं नाय. पण दादा म्हणलीस तर चालंल." क्रांती चौकाच्या मागच्या गल्लीतला तो जिना, वर गेल्यावर डाव्या हाताची खोली, खिडकीतून येणारे रिक्षांचे हॉर्न. तिथं बसून आपण कापसातून सरकी काढणाऱ्या जिनिंगवाल्यांसाठी आणि वजनकाट्यांच्या मालकांसाठी प्रोग्राम लिहायचो. काट्यावर ट्रॅक्टर चढला की कॉम्प्युटरवर वजन येतं आणि पावती छापून मिळते, ते आम्ही करतो, एवढं मी लोकांना सांगायचे. ते सांगणं सोपं होतं, कारण दिसणारं सगळं माझ्या वाट्याला होतं. तुझं काम कुठं दिसायचंच नाही.

तू डीएलएल लिहायचास. आता हे तेराव्याच्या पंगतीत कसं सांगणार?

काट्याच्या केबिनमधे लाल आकड्यांचा एक डबा असतो. ट्रॅक्टरचं वजन आधी त्या डब्याला कळतं आणि मग तो ते एका वायरमधून कॉम्प्युटरला कळवतो. पण प्रत्येक कंपनीच्या डब्याची बोलायची तऱ्हा वेगळी. एक डबा आकडे उलटे पाठवतो, दुसरा आकड्यांच्या आधी नको ती अक्षरं पाठवतो, तिसरा न विचारता सारखा बडबडत राहतो. त्या डब्याचं ऐकून घेऊन प्रोग्रामला नीट एक आकडा द्यायचा, ही मधली फाईल, म्हणजे डीएलएल, तू लिहायचास. सी भाषेत लिहायचास आणि थेट प्रोसेसरला समजेल अशी करून ठेवायचास. त्या फाईलवर टिचकी मारली तर ती उघडत नाही. मला कशानं उघडू, असं विंडोजच उलट विचारतं. ती आपणहून काहीच करत नाही. तिच्यात कामं करून ठेवलेली असतात, प्रत्येक कामाला एक नाव दिलेलं असतं. कुणी त्या नावानं हाक मारली की ती ओ देते, काम करते, उत्तर हातात ठेवते आणि गप्प होते. पडद्यावर खिडकी उघडणं, अक्षर उमटणं, कागद छापणं, सगळं विंडोज अशाच फाइलींच्या खांद्यावर उभं आहे आणि वापरणाऱ्याला त्यांचा पत्ता नसतो. असलं काम हौसेनं आयुष्यभर करायला तुझ्यासारखाच माणूस लागतो.

गणपती बोळवले आणि त्याच आठवड्यात तू गेलास. तेरावं उरकून मी शहरात परतले, तर परतीच्या पावसात पाचोडच्या जिनिंगवर वीज पडून काट्याचा डबा जळाला. शेठनी दुसऱ्याच कंपनीचा नवा डबा आणून बसवला. तिथं काटा सांभाळणाऱ्या सर्जेरावांचा फोन आला, "ताई, नव्या डब्यावर वजन दिसतंय, पर कॉम्प्युटरवर येत नाय. दसऱ्याला मुहूर्ताचा कापूस येणार. दादांना..." आणि ते थांबले. मग म्हणाले, "तुम्हीच या."

माझ्यापुढं दोन वाटा होत्या, आणि त्या कुठल्या हे तुला माहीत आहे, कारण आपलं शेवटचं भांडण त्यावरच झालं होतं. मी गेले कित्येक महिने माझा नवा प्रोग्राम लिहीत होते. सगळं एकाच ठिकाणी, ब्राउझरमधे, तुझ्या फायलीबियलीची भानगडच नाही. पाचोडचा, मी यायच्या आधीचा तुझा जुना पावतीचा प्रोग्राम काढून तिथं माझा बसवायचा असं माझं म्हणणं. तुझं म्हणणं, चालत्याला हात लावू नये. मी आवाज चढवला, तू बशीत चहा ओतलास. "दसऱ्यानंतर बघू," म्हणालास. "तू तुझं चालवून दाखव, मी माझं दाखवतो. सर्जेराव ठरवंल." तो दसरा तुझ्याशिवायच आला.

सर्जेरावांवर निकाल सोपवावा हे दुसऱ्या कुणाला सुचलंच नसतं. ज्या माणसानं तुझी फाईल कचऱ्यात टाकली, त्यालाच तू पंच नेमलास.

माझा हापिसातला तो पहिला दसरा. खंडेनवमीला जिनिंगवरच्या सगळ्या यंत्रांची धुऊनपुसून पूजा व्हायची. सर्जेराव तेव्हा काट्यावर नवेच लागले होते. अर्धं आयुष्य मेंढरांमागं गेलेलं, पण हाताला शिस्त अशी की त्यांच्या केबिनमधे धूळ सापडायची नाही. त्यांनी काटा धुतला, डबा पुसला, कॉम्प्युटर बाहेरून पुसला आणि मग त्यांच्या मनात आलं, हा आतून कोण पुसणार? फोल्डर उघडून ते एकेका फाईलवर टिचकी मारत गेले. जी उघडली ती ठेवली, जी उघडली नाही ती काढली. काढलेल्या फाइलींची टोपलीही रिकामी केली, सणासुदीला घरात केर ठेवायचा नसतो म्हणून. नंतर कॉम्प्युटरला हळदकुंकू वाहिलं, झेंडूची माळ घातली, नारळ फोडला. दसऱ्याच्या सकाळी पहिला ट्रॅक्टर काट्यावर चढला आणि वजन येईना.

आपण मोटारसायकलवरून पाचोड गाठलं तेव्हा ट्रॅक्टरांची रांग फाटकाबाहेर गेली होती. सर्जेरावांनी काय केलं ते ऐकून मी तोंडसुख घ्यायच्या बेतात होते. तू माझ्याकडं नुसतं पाहिलंस. पेनड्राइव्हमधून फाईल परत टाकलीस, वजन सुरू केलंस, आणि रांग सरल्यावर सर्जेरावांना घेऊन केबिनच्या पायरीवर बसलास.

"सर्जेराव, तुमच्या गावच्या देवळात भांडी हायेत का? गावजेवणाची?"

"हायेत की. मोठाली पातेली, पराती, घागरी."

"ती पातेली आपणहून सयपाक करतेत का?"

"ती कशाला करतील?"

"मग ठेवलीत कशाला?"

"ज्याच्या घरी लगीन त्यो नेतो. घासून परत ठेवतो. ज्यानं त्यानं आपापली कशाला घ्यायची?"

"व्हय ना? ही फाईल तसलीच हाय. आपणहून काय करत नाय, म्हणून उघडत बी नाय. पण कापूस आत येताना पावतीचा प्रोग्राम हिलाच नेतो, आन् सरकी बाहेर जाताना त्यो दुसरा प्रोग्राम बी हिलाच नेतो. काम झालं की परत ठेवतो."

सर्जेरावांनी आत पडद्याकडं वळून पाहिलं. मग म्हणाले, "म्हंजी म्या गावाची भांडी भंगारात घातली म्हणा की."

"घातली," तू म्हणालास. "पण माझ्याकडं आणखी एक जोड हाय."

चार वर्षं कॉलेजात मी हे शिकले होते. व्याख्या पाठ होती, परीक्षेत मार्क मिळाले होते. डीएलएल म्हणजे काय ते मला त्या पायरीवर कळलं, आणि तू ते मला सांगत नव्हतास, सर्जेरावांना सांगत होतास. परतताना मी तुला म्हटलं, "हे मला आधी का नाही सांगितलंस?" तू म्हणालास, "तुला येतं असं तूच म्हणली होतीस की, शहाणे."

दुसऱ्या दिवशी तू प्रोग्राममधे एक सूचना घातलीस. ती फाईल मिळाली नाही तर इंग्रजी आकड्यांची गिचमिड दाखवायची नाही. पडद्यावर मराठीत यावं, "काटा नावाची फाईल मिळत नाही. कुणी साफसफाई केली का?" मी पोट धरून हसले होते. व्यवसायाच्या प्रोग्राममधे असं लिहितात का, म्हणून वादही घातला. तू ती सूचना तशीच ठेवलीस.

तसे आपण भांडलो किती, दादा. तुझ्या फाईलमधल्या कामांची नावं मराठी होती, रोमन अक्षरांत, जोडून लिहिलेली. काटा उघडा. वजन द्या. काटा बंद करा. मी म्हटलं होतं, "यंत्राला कसलं अहोजाहो?" तू गंभीरपणे म्हणालास, "दुसऱ्याच्या दारात मागायला गेल्यावर 'दे' म्हणतो का आपण?" मी म्हटलं, वजन घेऊन झाल्यावर काटा बंद करायची गरजच काय, प्रोग्राम संपला की विंडोज सगळं आवरतं. त्यावर तू म्हणालास, "हॉटेलात जेवल्यावर पोऱ्या ताट उचलतो. म्हणून घरी बी ताट तसंच टाकून उठतीस का?" मी चिडून म्हटलं, "वहिनीला विचार, तू उचलतोस का ते." तू हसलास. उचलायचास, हे मला माहीत होतं.

आणि त्या बंद करण्यावरच तर पाचोडचं सगळं चालू होतं. सरकीचा प्रोग्राम आपला नव्हता, दुसऱ्या कुणीतरी लिहिलेला, आणि तो माणूस धंदा सोडून कधीच निघून गेलेला. डब्याची वायर एक, मागणारे दोन. एकानं धरून ठेवली तर दुसऱ्याला मिळत नाही. तुझी फाईल एकाचं वजन देऊन वायर सोडायची, मग दुसऱ्यासाठी पुन्हा धरायची. इतकी वर्षं एकदाही दोघांची टक्कर झाली नाही, आणि टक्कर होत नाही हे कुणाच्या लक्षातही आलं नाही. घासून परत ठेवलेल्या पातेल्याबद्दल कोण बोलतं? पातेलं मिळालं नाही तरच बोलणं होतं.

नावं बदलायला तू कधी तयार झाला नाहीस. एकदा दिलेलं नाव कायमचं, कारण कोण कुठून त्या नावानं हाक मारत असेल ते आपल्याला माहीत नसतं. चौसष्ट बिटांच्या विंडोजचं उदाहरण तू दर नव्या माणसाला द्यायचास. तिथं चौसष्टच्या फाइली ज्या फोल्डरात राहतात त्याच्या नावात बत्तीस आहे, आणि जुन्या, बत्तीस बिटांच्या फाइली ज्यात राहतात त्याच्या नावात चौसष्ट. मी म्हणायचे हा शुद्ध वेडेपणा आहे. तू म्हणायचास, "आमच्या आळीत बारक्या नावाचा म्हातारा हाय. सगळ्यात थोराड, सगळ्यात उंच. आता त्याचं नाव बदलून काय करतीस? सगळं गाव बारक्याच म्हणतं. नव्या नावानं हाक मारली तर त्यो वळून तरी बघंल का?"

एका भांडणात मात्र मी बरोबर होते, आणि ते मी अजून सोडलेलं नाही. मी म्हटलं होतं, "तुझ्या या फाईलच्या आत काय आहे ते तुझ्याशिवाय कुणाला धड कळत नाही. उद्या कुणाला हात घालायची वेळ आली तर?" तू स्क्रीनवरची नजर न काढता म्हणालास, "नावं कळली तरी बास. आतलं ज्याचं त्यानं लिहावं." मला वाटलं, टाळतोय. अर्ध्या मिनिटात तू दुसऱ्या विषयावर गेलास आणि मीही गेले.

तर, सर्जेरावांच्या फोननंतर मी तुझ्या खुर्चीत नाही, माझ्याच खुर्चीत बसले. तुझ्या खुर्चीवर वहिनीनं धुऊन पाठवलेला टॉवेल होता, तो मी हलवला नाही. आधी माझाच नवा प्रोग्राम पाचोडला न्यायचा असं ठरवलं. खरं सांगते, मला जिंकायचं होतं. तू नसतानाही जिंकायचं होतं. तयारीला लागले तेव्हा सरकीचा प्रोग्राम आठवला. त्या प्रोग्रामला माझा ब्राउझर ठाऊक नाही, मी ठाऊक नाही. त्याला फक्त एका फाईलचं नाव ठाऊक आहे आणि तीन हाका ठाऊक आहेत. माझं बसवलं असतं तर कापूस आत आला असता आणि सरकी आवारातच अडकली असती. मी तयारी तिथंच थांबवली. तुझ्यावरच चिडले होते. मेल्यावरही मुद्दा मांडतोस म्हणजे काय?

मग मी तुझ्या फाईलसारखीच फाईल लिहायला घेतली. नाव तेच, तिन्ही हाका त्याच, अक्षरसुद्धा बदललं नाही. आतलं सगळं माझं, कारण नवा डबा वेगळं बोलतो. तो आकडे तुकड्यातुकड्यांनी पाठवतो, ते जुळवून घ्यावे लागतात. काटा बंद करण्याचं काम मी सगळ्यात आधी लिहिलं. तू बघत असल्यासारखं नीट लिहिलं.

अष्टमीला पाचोडला गेले. फाईल फोल्डरात ठेवली, तुझा पावतीचा प्रोग्राम सुरू केला, आणि पडद्यावर अक्षरं आली, "काटा नावाची फाईल मिळत नाही. कुणी साफसफाई केली का?"

सर्जेरावांनी घाईघाईनं हात जोडले, "म्या नाय ताई, आईशपथ, मी आता कश्शाला हात लावत नाय." मला हसू आलं, आणि हसता हसता रडायलाच लागले, दादा. तेराव्याला रडले नव्हते. तुझा आवाजच आला ना तो. तोच खवचटपणा, तेच वरवर साधं विचारणं. सर्जेरावांनी मला पाणी दिलं आणि बाहेर जाऊन उभे राहिले.

फाईल तर समोर होती. मी पुन्हापुन्हा पाहिलं, नाव बरोबर, जागा बरोबर. आणि मग आठवलं. मी नवीन असताना अशीच तुझ्यापुढं येऊन तावातावानं म्हटलं होतं, "डोळ्यांपुढं आहे फाईल आणि हा मिळत नाही म्हणतो!" तू समजावलंस, "मिळत नाय म्हणतो म्हंजी तीच नाय असं नसतं. तिला बी कुणीतरी लागतं ना? तिच्या मागं दुसरी फाईल असती, तिच्या मागं तिसरी. मागचं एखादं नसलं की पुढची जागच्या जागी असून बी सुरू होत नाय." प्रोग्राम तयार करायच्या माझ्या नव्या साधनानं बांधलेल्या फाईलला आणखी एक फाईल लागत होती, जी शहरातल्या माझ्या मशीनवर होती आणि पाचोडच्या जुन्या कॉम्प्युटरवर नव्हती. तुझ्या फाईलला असलं काही लागायचं नाही. तू बाहेरचं शक्यतो घ्यायचाच नाहीस.

दुरुस्ती सोपी होती. लॅपटॉपवर तिथंच बांधली पुन्हा, लागणारं सगळं तिच्या पोटातच घालून. पण ते बांधून होईपर्यंत मी सर्जेरावांच्या स्टुलावर बसून होते आणि मला आपलं हापिस दिसत होतं. टेबलं जागेवर आहेत, मशीन आहेत, मी आहे. सकाळी कुलूप उघडते, दिवे लावते आणि काहीच सुरू होत नाही. लोक म्हणतात, तू तर आहेस ना. आहे की. डोळ्यांपुढं आहे.

वजन आलं. आधी कापसाच्या पावतीवर, मग सरकीच्या प्रोग्रामवर, मग पुन्हा पावतीवर. टक्कर झाली नाही. मी सर्जेरावांना आत बोलावलं आणि काही न सांगता बाजूला सरकले. त्यांनी एक रिकामा ट्रॅक्टर चढवून पाहिला, उतरवला, सरकीची गाडी चढवून पाहिली. नेहमीची बटणं दाबली, नेहमीची पावती फाडली. मी विचारलं, "कसं वाटतंय?"

ते गोंधळून माझ्याकडं बघायला लागले. "कसं म्हंजी? काय बदललंय ताई? तेच तर हाय."

तर हा निकाल, दादा. सर्जेरावनं ठरवलं. तू जिंकलास, आणि तुझ्या जिंकण्याची खूण हीच, की कुणाला काही झाल्यासारखं वाटलंच नाही. मला मात्र ते फार झोंबलं. इतकं मोठं माणूस गेलं आणि काट्याला कळलंसुद्धा नाही? मग वाटलं, हेच तर तू वर्षानुवर्षं करत होतास. आपण नसताना कुणाचं अडू नये म्हणून दारावर नावं नीट लिहून ठेवत होतास. त्या दिवशी स्क्रीनवरची नजर न काढता जे बोललास ते टाळणं नव्हतं. मी तुझ्याइतकी चांगली फाईल लिहिली नाही, पण मला लिहिता आली, ती तुझ्या त्या तीन नावांमुळं. हे मी तुला कधी म्हटलं नव्हतं, म्हणून आज म्हणते. तू फार सुरेख काम केलंस, दादा. मी पाहिलेलं सगळ्यात सुरेख.

अर्धी बाजू माझीही खरी आहे, हे विसरू नकोस. आतलं कुणाला कळत नव्हतं, म्हणून नव्या डब्यापुरतं बदलायचं सोडून मला सगळं नव्यानं लिहावं लागलं. यावर आपण अजून भांडलो असतो. तू बशीत चहा ओतला असतास.

काल खंडेनवमी होती. गरज नव्हती तरी मी पाचोडला गेले. काटा धुतलेला, डब्याला माळ, कॉम्प्युटरच्या माथ्यावर झेंडू. कडेला खुर्चीवर शेठ होते, त्यांनीही तुझा विषय काढला आणि मग कापसाच्या ओलीवर बोलायला लागले. सर्जेराव हळदकुंकवाची ताटली घेऊन माझ्याजवळ आले आणि हळूच म्हणाले, "ताई, दादांची फाईल कुठली?"

मी फोल्डर उघडून दिलं. त्यांनी चष्मा वर केला, वाकून नावं वाचत गेले आणि एका ओळीवर थांबले, "हीच ना? काटा?" मी म्हटलं, हीच. तिच्या पोटात आता तुझं काही नाही, माझं आहे, हे सांगावंसं वाटलं नाही. नाव तर तुझंच होतं. त्यांनी ओल्या कुंकवाचं बोट काचेवर त्या ओळीवर टेकवलं, मग हळदीचं, आणि हात जोडले. म्हणाले, "त्या वर्षी लई चुकलो होतो."

तेवढ्यात बाहेर ट्रॅक्टरचा आवाज आला. कुणीतरी मुहूर्ताची वाट न पाहता एक दिवस आधीच कापूस घेऊन आला होता. सर्जेरावांनी फोल्डर बंद केलं आणि पावतीचा प्रोग्राम समोर घेतला. फाईलचं नाव गेलं, कुंकू काचेवर तसंच राहिलं, नेमकं वजनाच्या चौकटीच्या कोपऱ्यात. मी पुसायला पदर पुढं केला आणि मागं घेतला.

ट्रॅक्टर काट्यावर चढला. इतकी वर्षं मी तुला हाका मारल्या, हे अडलं, ते येत नाही, दादा हे बघ ना, आणि तू हातातलं टाकून उठलास. आता तुझा प्रोग्राम पाचोडच्या त्या केबिनमधून माझ्या फाईलला हाक मारतो, "वजन द्या." मला एरवी शहाणे म्हणणारा तू, पण मागताना अहोजाहोच करतोस. कुंकवाच्या खाली आकडा थरथरला आणि ठरला. सर्जेरावांनी तो मोठ्यानं वाचला, ट्रॅक्टरवाल्यानं मान हलवली. त्याच्या मागून आलेला दुसरा ट्रॅक्टर पुढं सरकला, आणि तू पुन्हा हाक मारलीस, आणि मी ओ दिली.